अपघातातील मृत्यू व भरपाईचे पैसे

घरचा कर्ता पुरुष रस्त्यावरील अपघातात गेला, की मातीला चार दिवस होतात न होतात तोच कोणीतरी दाव्याची गोष्ट काढतो. "पैसे घेऊन काय माझ्या लेकाला विकायचे आहे?" असे सासूबाई म्हणतात. "आपण ख्रिस्ती माणसे, ड्रायव्हरला क्षमा केली पाहिजे," असे दीर म्हणतात. दोघांचीही मने स्वच्छ असतात. तरी ह्या दोन वाक्यांनी विधवेचे हात बांधले जातात, म्हणून ती तपासून पाहणे अगत्याचे आहे.

रक्ताचा पैसा म्हटला की आपल्याला यहूदाची तीस नाणी आठवतात. पण तो पैसा धन्याला धरून देण्याबद्दल मिळाला होता. वाचकहो, निर्गमाचा 21 वा अध्याय काढून पाहा. बैल मारका आहे हे ठाऊक असूनही मालकाने त्याला आवरले नाही व त्याने माणूस मारला, तर मालक देहांताला पात्र ठरे. मात्र खंडणी बसवली गेल्यास ती भरून त्याला जीव सोडवता येई. उलट गणनेच्या 35 व्या अध्यायात खुनी माणसाकडून खंडणी घेण्यास मनाई आहे. निष्काळजीपणा व खून यांत नियमशास्त्राने असा भेद केला. ब्रेक नादुरुस्त असताना ट्रक रस्त्यावर काढणारा मालक त्या बैलवाल्याहून फारसा निराळा नाही.

आता क्षमा. विधवेने ड्रायव्हरला मनापासून क्षमा करावी. ते तिचे आहे. पण तीन वर्षांच्या लेकराच्या वाट्याची भाकर माफ करण्याचा अधिकार दिराला कोणी दिला? शिवाय वाहनाचा विमा असल्यास पैसे बहुधा विमा कंपनीच भरते. आणि दावा म्हणजे दरवेळी कोणावर आरोप असतो असेही नाही. मोटार वाहन कायद्यातील 2019 ची दुरुस्ती एप्रिल 2022 पासून अमलात आल्यावर, कोणाची चूक सिद्ध न करताही मृत्यूबद्दल 5 लाख रुपये मागता येतात.

चूक दाखवून अधिक मागायचे तर हिशोब कसा होतो? समजा, 34 वर्षांचा सुतार स्वतःच्या धंद्यात महिना 15,000 रुपये मिळवीत होता. मागे पत्नी, आई व एक मूल. सर्वोच्च न्यायालयाच्या 2009 व 2017 च्या निकालांप्रमाणे पुढील वाढीसाठी 40 टक्के मिळवून 21,000 धरतात. त्याच्या स्वतःच्या खर्चाचा तिसरा हिस्सा वजा करून 14,000 उरतात, म्हणजे वर्षाला 1,68,000. त्या वयाला गुणक 16, एकूण 26,88,000. सासूबाईंना हा आकडा लेकाची किंमत वाटतो. वास्तविक तो घरात येणे बंद झालेल्या पगाराचा आहे. पतीच्या सहवासाबद्दल 2017 साली ठरलेली रक्कम होती अवघी 40,000. प्रेम मोजता येत नाही हे न्यायालयही जाणते.

खरी खोच निराळीच आहे. मिळकतीवर माप ठेवले, की जिची मिळकत नाही तिचे काय? जमशेदपूरच्या 1989 मधील आगीच्या प्रकरणात 2001 साली न्यायालयाने गृहिणीच्या कामाचे मोल महिना 3,000 रुपये धरले. जनगणनेत गृहिणींना भिकारी व कैदी यांच्या रांगेत बसवल्याबद्दल 2010 च्या एका निकालात न्यायमूर्तींनी खेद व्यक्त केला, आणि 2021 मध्येही घरकामाला पैशाचे मोल आहे असेच सांगितले. आपल्यातही "ती काय, घरीच असायची" असे मातीच्या दिवशी बोलणारे आहेत! पहाटे उठून डबे करणारी, आजारी सासऱ्याचे करणारी बाई गेली, तर त्या घरानेही दावा करावा.

राहिली पैशाच्या वाटेची काळजी. रक्कम आली की आजवर न दिसलेले नातलग दारात उभे राहतात. म्हणून 1994 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने घालून दिले, की अज्ञान मुलांचा हिस्सा ती सज्ञान होईपर्यंत मुदतठेवीत ठेवावा. निरक्षर वारसांच्या रकमेलाही तसेच संरक्षण आहे. दीर दुकानासाठी उसने मागू लागले तर त्या बाईने हे निःसंकोच सांगावे, आणि पाळकांनी तेव्हा तिच्या बाजूला बसावे.