खून चालतो, चुंबन नाही?

यवतमाळला रूमवर आम्ही तिघं. एकाने मोबाईलवर कादंबरी पाठवली: प्रेम, धमाल विनोद, एक खून आणि मधूनमधून बरीच जवळीक. एकजण रात्रभर हसला. दुसरा म्हणाला, "मर्डरचं मस्त जमलं बे, पण मधातलं ते सगळं कायले पाह्यजे होतं? घरी कोणी पाह्यलं तर?"

म्हणजे प्रेताचं वर्णन घरच्यांसमोर वाचता येतं. दोघांच्या राजीखुशीचं प्रेम मात्र स्क्रीन झाकून वाचायचं!

हे जुनंच आहे. १९६२ साली 'रंभा'च्या दिवाळी अंकात चंद्रकांत काकोडकरांची 'श्यामा' आली आणि अश्लीलतेचा खटला उभा राहिला. १९६९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांना निर्दोष ठरवलं. शरीरसंबंधांचा उल्लेख आला म्हणून लेखन अश्लील होत नाही, असं मानलं. त्याच जमान्यात बाबुराव अर्नाळकरांच्या रहस्यकथांत खून पडत होते आणि लोक त्या आवडीने वाचत होते.

मग मित्र चुकला का? सुरुवातीला मला तसंच वाटलं. पण त्याचा संकोच खोटा नव्हता. जवळीक खाजगी असते, ती उघड्यावर आली की आपण नजर वळवतो. त्यात दुसऱ्याचा मान राखणं असतं.

पण मरणही तितकंच खाजगी नसतं का? आपल्याच जिल्ह्यातल्या शेतकऱ्याच्या आत्महत्येची बातमी आपण चहा पिता पिता वाचतो आणि पान उलटतो. तेव्हा नजर वळत नाही, थांबतही नाही.

प्रेम वाचताना आपण फार लाजतो, हा प्रश्न मला आता छोटा वाटतो. मरण वाचताना काहीच का वाटत नाही, हा मोठा.