गहाण घराची खरी किंमत

घर पाहावें बांधून आणि लग्न पाहावें करून, अशी म्हण आमच्या लोकांत फार जुनी आहे. तिचें तात्पर्य इतकेंच कीं, ह्या दोन कार्यांचा जो खर्च आरंभीं अंदाजिला जातो त्याहून शेवटीं निघणारा खर्च पुष्कळ मोठा असतो. ज्यांनीं ही म्हण रूढ केली त्यांच्या मनांत विटा, लांकूड, गवंड्याची मजुरी हींच होतीं. आजचें घर बहुधा कर्जानें उभें राहतें आणि त्या कर्जास तेंच घर तारण असतें. त्यामुळें म्हणींतला वाढता खर्च आतां व्याजांत जाऊन बसला आहे, आणि तो वीस-वीस वर्षें चालतो. ह्या खर्चाचा विचार आज आम्ही वाचकांपुढें मांडूं इच्छितों. वरवर पाहतां हा विषय अंकगणिताचा आहे. परंतु गणित नीट केलें म्हणजे त्याच्या पोटांतून नीतीचा एक प्रश्न निघतो, तो असा: जीं वर्षें अद्याप उजाडलीं नाहींत त्यांतील श्रम, आणि आपल्याबरोबर आपल्या घरच्या माणसांचेही श्रम, आज एका सहीनें गहाण टाकण्याचा अधिकार मनुष्यास कोठवर आहे?

वर्धा जिल्ह्यांतील नाचणगांव घ्या. हें गांव देवळी तालुक्यांत, पुलगांवच्या लगत आहे. पुलगांवीं रेल्वेचें स्थानक आणि लष्कराचें दारूगोळ्याचें मोठें कोठार आहे. भोंवतीं काळी जमीन आणि कापूस, तूर, सोयाबीन हीं पिकें. अशा ठिकाणीं दोन प्रकारचे संसार शेजारीं शेजारीं नांदतात. एका घरीं दरमहा पगार येतो. दुसऱ्या घरीं पैसा येतो तो पीक हातीं लागल्यावर, आणि तोही बाजारभाव देईल तितकाच. कर्जाचा हप्ता मात्र महिन्याच्या ठरल्या तारखेस दोघांच्याही दारीं सारखाच उभा राहतो. आषाढांत पाऊस लांबला म्हणून तो थांबत नाहीं.

दुसरी गोष्ट लक्षांत घेण्यासारखी आहे. खेड्यांतील शेतास सातबारा असे. परंतु गांवठाणांतील घरास ग्रामपंचायतीच्या नमुना आठच्या उताऱ्यापलीकडे सहसा कागद नसे, आणि तेवढ्यावर कर्ज देण्यास बँका नाखूष असत. २०२० सालीं केंद्र सरकारनें स्वामित्व योजना आरंभिली. तींत गांवठाणाची मोजणी ड्रोन यंत्रानें करून घरमालकास मिळकतीचें पत्रक देण्यांत येतें, आणि त्या पत्रकावर कर्ज मिळणें सोपें व्हावें हा योजनेचा एक उघड हेतु आहे. हें इष्टच झालें. ज्याचें घर त्याच्या नांवें कागदावर यावें ह्यांत न्याय आहे. तथापि ज्या घरास कागद नव्हता तें घर गहाणही पडत नव्हतें. आजवर जो प्रश्न शहरांतील पगारदारांचा होता, तो ह्या पत्रकाबरोबर खेड्याच्या उंबरठ्याशीं आला आहे.

आतां गणित पाहूं. एका कुटुंबानें घरासाठीं १०,००,००० रुपये, वार्षिक ८.५ टक्के व्याजानें, २० वर्षांच्या मुदतीनें घेतले असें समजा. मासिक हप्ता ८,६७८ रुपये बसतो. हा आंकडा ऐकून पुष्कळांस हायसें वाटतें. परंतु असे २४० हप्ते भरावयाचे आहेत आणि त्यांची बेरीज २०,८२,००० रुपयांच्या वर जाते. म्हणजे घर एक बांधिलें आणि पैसे दोन घरांचे दिले.

पहिल्या महिन्याच्या ८,६७८ रुपयांतून ७,०८३ रुपये व्याजांत जातात. मुद्दलांत अवघे १,५९५ रुपये पडतात. दहा वर्षें नेमानें हप्ते भरल्यावर, अर्धी मुदत संपली म्हणून मनुष्य समाधान मानतो. तोंपर्यंत त्यानें १०,४१,००० रुपये भरलेले असतात, म्हणजे घेतलें होतें त्याहूनही अधिक. आणि तरीही मुद्दलापैकीं जवळजवळ ७,००,००० रुपये शिल्लक असतात. अर्धें मुद्दल फिटावयास चौदावें वर्ष लागतें. ह्यांत बँकेची कांहीं लबाडी आहे असें नाहीं. व्याज शिल्लक रकमेवर चालतें आणि आरंभीं शिल्लक मोठी असते, इतकेंच. परंतु हें ज्यास आधीं कळलें नाहीं त्यास दहाव्या वर्षीं आपण फसलों असें वाटतें, आणि त्याचा राग तो कोणावर काढील हें सांगतां येत नाहीं.

मुदतीचा प्रकार तर याहूनही विचार करण्याजोगा आहे. तेंच कर्ज ३० वर्षांचें केलें तर हप्ता ७,६८९ वर उतरतो. महिन्याकाठीं सुमारें एक हजार रुपये हलके झाले. परंतु एकंदर भरणा २७,६८,००० वर गेला, म्हणजे ६,८५,००० रुपयांनीं वाढला. उलट १५ वर्षांची मुदत पत्करली तर हप्ता ९,८४७ होतो आणि एकंदर भरणा १७,७२,००० वर थांबतो. हप्ता जितका गोड, तितकें कर्ज लांब. कर्ज देणारा विचारतो, “महिना किती झेपेल?” आणि आपण त्याच प्रश्नाचें उत्तर देऊन उठतों. जो प्रश्न आपण विचारावयाचा होता, “एकंदर किती, आणि कोठवर?” तो तसाच राहून जातो.

शिवाय व्याजाचा दर बहुधा बदलता असतो. रिझर्व्ह बँकेचा रेपो दर मे २०२२ पासून फेब्रुवारी २०२३ पर्यंतच्या थोड्या काळांत ४ टक्क्यांवरून ६.५ टक्क्यांवर गेला. २०२५ सालीं तो पुन्हां उतरूं लागला. दर चढला आणि हप्ता तोच ठेविला, तर वाढ मुदतीच्या पोटांत शिरते. वरील कर्जाचाच दर आरंभापासून ९.५ टक्के असता आणि हप्ता ८,६७८ च राहिला असता, तर तें २० वर्षांऐवजीं २५ वर्षें ८ महिन्यांनंतर फिटलें असतें. कर्जाबरोबर विमा घ्यावयास सांगतात. त्याची एकरकमी भरणी ५०,००० रुपये कर्जांतच मिळविली तर वीस वर्षांत तिचेही १,०४,००० होतात.

आमच्या पूर्वजांनीं ह्या बाबतींत एक मर्यादा मानिली होती. हिंदु धर्मशास्त्रांत दामदुपटीचा नियम आहे. धनकोनें एका वेळीं मागावयाचें व्याज मुद्दलाहून अधिक होतां कामा नये, असा त्याचा आशय. हा नियम एका वेळच्या मागणीपुरता होता. हप्त्याहप्त्यानें दिलेल्या व्याजास तो आड येत नसे. म्हणून आजचें गृहकर्ज त्याचा भंग करितें असें आम्ही म्हणत नाहीं. परंतु त्या नियमामागें जी लोकबुद्धि होती ती अशी कीं, कर्ज दुप्पट झालें म्हणजे थांबून विचार करावयाची वेळ आली. वीस वर्षांच्या साध्या गृहकर्जांत आपण ती रेषा ओलांडून जातों, आणि ओलांडल्याचें कोणाच्या ध्यानींही येत नाहीं.

येथें दुसऱ्या बाजूचें म्हणणेंही ऐकिलें पाहिजे, नाहीं तर आमचा विचार एकांगी होईल. भाड्याच्या घरांत राहणारा वीस वर्षें भाडें भरतो आणि शेवटीं त्याच्या हातीं भिंतही राहत नाहीं. कर्ज घेणाऱ्याचीं मुलें पहिल्या दिवसापासून आपल्या छपराखालीं वाढतात. पैसा सांठवून मग घर बांधीन असें म्हणणाऱ्याचें घर पुष्कळदां मुलें मोठीं होऊन निघून गेल्यावर उभें राहतें. शिवाय महागाईमुळें विसाव्या वर्षींचा रुपया आजच्या रुपयाहून हलका असतो, आणि पगार वाढला तर तोच हप्ता कमी बोंचतो. हें सर्व खरें आहे. म्हणून घरासाठीं कर्ज काढणें हें मूर्खपणाचें किंवा अनीतीचें आहे असा आमचा मुळींच अभिप्राय नाहीं. परंतु हा शेवटचा आधार पगाराचा आहे. पिकावर जगणाऱ्याचें उत्पन्न दरसाल वाढतच जाईल अशी हमी कोणीही देऊं शकत नाहीं. त्यानें पगारदार शेजाऱ्याकडे पाहून आपली मुदत ठरवूं नये.

आतां मूळ प्रश्नाकडे येऊं. घराची किंमत रुपयांत सांगतात. पण रुपये येतात कोठून? ते श्रमांतून येतात, आणि श्रम म्हणजे आयुष्याचे दिवस. पस्तिसाव्या वर्षीं वीस वर्षांचें कर्ज घेणारा मनुष्य पंचावन्नाव्या वर्षाच्या आपल्या देहाकडून काम लिहून घेतो. तो देह कसा असेल हें त्यास ठाऊक नाहीं. बायको सहकर्जदार म्हणून सही करिते. तिच्याही वर्षांवर तो बोजा चढतो. मुलीचें शिक्षण, म्हाताऱ्या आईबापांचें औषध, ह्या सर्वांच्या आधीं महिन्याच्या त्या तारखेचा हक्क लागतो. तेव्हां ज्यांचीं वर्षें गहाण पडणार, त्यांना तो आंकडा संपूर्ण सांगितला पाहिजे. पुष्कळ घरांत असें होत नाहीं. घरधनी कागद आणतो आणि बोट ठेवितो तेथें बायको सही करिते. दुसऱ्याचे श्रम त्यास न सांगतां गहाण टाकणें, मग तीं माणसें आपलींच कां असेनात, हा अन्याय आहे. प्रेमानें केला म्हणून तो न्याय होत नाहीं.

हीच गोष्ट जामिनाची. “नुसती सही पाहिजे, दादा,” असें म्हणून शेजारी येतो, आणि भिडेखातर नाहीं म्हणवत नाहीं. १८७२ च्या करार कायद्याप्रमाणें, करारांत निराळें लिहिलें नसेल तर, जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराच्या जबाबदारीइतकीच असते. जो शेजाऱ्यास एकंदर आंकडा न सांगतां सही मागतो तो त्याची मैत्री गहाण टाकतो.

आणि कर्ज थकलें तर काय होतें हेंही माहीत असावें. २००२ च्या सरफेसी कायद्यानें, हप्ते ९० दिवसांहून अधिक थकून कर्ज बुडीत सदरांत गेलें म्हणजे, बँकेला ६० दिवसांची नोटीस देऊन, दिवाणी दावा न लावतां तारण ताब्यांत घेण्याची वाट मिळते. शेतजमिनीवरील तारणास हा कायदा लागू नाहीं. राहत्या घरास मात्र लागतो. म्हणून शेत वांचवावें एवढ्यासाठीं घर गहाण ठेवणाऱ्यानें दोनदां विचार करावा.

न समजतां केलेल्या सहीचे परिणाम महाराष्ट्रानें पूर्वीं भोगिले आहेत. १२ मे १८७५ रोजीं भीमथडी तालुक्यांतील सुपें येथें लोक सावकारांच्या दारीं गेले. तेथून पुणें व नगर जिल्ह्यांत दंगे पसरले आणि कर्जरोखे जाळण्यांत आले. त्यानंतर १८७९ चा दक्षिणेंतील शेतकऱ्यांच्या संरक्षणाचा कायदा झाला. त्यानें रोखे गांव-निबंधकापुढें व्हावे, सावकारानें पावती द्यावी, मागितल्यास हिशोब द्यावा, अशीं कलमें घातलीं. मध्यप्रांतांतही, ज्यांत तेव्हां वर्धा होतें, १९३३ सालीं कर्ज-तडजोडीचा कायदा झाला. सारांश, लोक चिडले, रोखे जळले आणि मग कोठें सावकारावर हिशोब सांगण्याची सक्ती आली.

आज ती सक्ती कर्जदाराच्या बाजूस उभी आहे. तिचा उपयोग करणें आपल्या हातीं आहे. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या किरकोळ कर्जदारास मुख्य बाबींचें एक विवरण, त्यास समजेल अशा भाषेंत, देऊन समजावणें रिझर्व्ह बँकेनें बंधनकारक केलें आहे. त्यांत सर्व खर्च धरून पडणारा वार्षिक दर आणि हप्त्यांची मांडणी असते. तें मराठींत मागावें. ऑगस्ट २०२३ च्या नियमाप्रमाणें दर बदलल्यावर हप्ता वाढवावा कीं मुदत, हें निवडण्याची मुभा कर्जदारास आहे. ती बँकेवर सोडूं नये. बदलत्या दराच्या गृहकर्जाची रक्कम मुदतीआधीं भरल्यास बँकांनीं दंड घेऊं नये, हा नियम २०१२ पासूनचा आहे. वरील उदाहरणांत आरंभापासून दरमहा केवळ १,००० रुपये अधिक भरले तर कर्ज साडेपंधरा वर्षांत फिटतें आणि सुमारें पावणेतीन लाख रुपये वांचतात. ज्यास दरमहा शक्य नाहीं त्यानें कापूस विकल्यावर, लग्नसराईच्या आधीं, जमेल ती रक्कम मुद्दलांत टाकावी. कर्ज फिटल्यावर मूळ कागदपत्रें ३० दिवसांच्या आंत परत मिळालीं पाहिजेत, हेंही ध्यानांत ठेवावें.

परंतु सर्व नियमांच्या आधीं एक काम घरांतच करावयाचें आहे, आणि त्यास कोणाची परवानगी लागत नाहीं. सहीच्या आदल्या रात्रीं घरच्या सर्व जाणत्या माणसांनीं एकत्र बसावें. एका कागदावर तीन आंकडे लिहावे: घेतलें किती, एकंदर द्यावयाचें किती, आणि शेवटचा हप्ता भरतांना प्रत्येकाचें वय काय असेल. मुलानें तो कागद मोठ्यानें वाचावा. तो ऐकून घरांतील कोणी म्हणेल कीं एक खोली कमी बांधूं, किंवा दोन वर्षें थांबूं, तर त्याचें म्हणणें ऐकून घ्यावें. कारण त्याचींही वर्षें त्यांत आहेत. आणि सर्वांनीं मिळून होय म्हटलें, तर तें कर्ज निःशंक मनानें घ्यावें. ज्या घराची किंमत सर्वांस ठाऊक आहे त्या घरांत, हप्ता जड गेला तरी, कोणी कोणास दोष देत नाहीं.