जटायूची मजुरी

।। श्री गुरुदेव दत्त ।।



संक्रांत तोंडावर आली. घरोघरी तिळगूळ होईल, गच्च्या भरतील, आणि उधन्यातली पोरं तर आत्तापासूनच फिरक्या घेऊन बसली आहेत. म्हणून या वेळच्या सत्संगात एका पक्ष्याविषयी बोलायचं ठरवलं.

रावण सीतामाईला घेऊन निघाला तेव्हा वाटेत आडवा कोण आला? राजा नाही, ऋषी नाही. एक म्हातारं गिधाड. पंख तुटले तरी रामाला निरोप सांगेपर्यंत त्याने प्राण धरून ठेवले. दशरथ गेला तेव्हा राम वनात होता, बापाला अग्नी देणं त्याच्या नशिबी आलं नाही. जटायूला मात्र त्याने लक्ष्मणाकडून लाकडं आणवून स्वतःच्या हाताने अग्नी दिला, पित्याला द्यावा तसा. नाशिक जिल्ह्यात, इगतपुरी तालुक्यात सर्वतीर्थ टाकेद आहे. ही घटना तिथलीच, अशी आपली श्रद्धा. तहानलेल्या जटायूसाठी रामाने बाण मारून सगळ्या तीर्थांचं पाणी तिथे आणलं, असं सांगतात. आपल्यातले पुष्कळ जण तिथे जाऊन आले असतील.

आणि घरी आल्यावर आपण काय म्हणतो? "तो बघ, गिधाडासारखा टपून बसलाय." ज्याला रामाने बाप मानलं, त्याच्या नावाची आपण शिवी केली!

आता जरा हिशेबाचं बोलू. तुम्ही लूमवर काम करणारी, दुकान चालवणारी माणसं, हिशेब तुम्हाला माझ्यापेक्षा चांगला कळतो.

खान्देशातून आलेल्या आजी-आजोबांना विचारा. गावाबाहेर मेलेलं ढोर टाकायची जागा असायची. बैल मेला की तिथे ओढून न्यायचा, कातडं काढणारा कातडं काढायचा, आणि मग आभाळातून गिधाडं उतरायची. मोठा थवा असला तर तासाभरात नुसता सांगाडा उरायचा. वास नाही, माशा नाहीत. गिधाडाच्या पोटातलं आम्ल इतकं जहाल की सडक्या मांसातले रोगजंतू तिथेच मरतात. हाडं गोळा करणाऱ्याला स्वच्छ हाडं मिळायची, त्यावर त्याचं घर चालायचं. या सगळ्या कामाची गिधाडाने कधी मजुरी मागितली? नाही मागितली, म्हणून ती कोणाच्या वहीत लिहिलीही गेली नाही.

एकेकाळी देशात गिधाडं कोटींत होती. १९९० नंतर ती पटापट मरू लागली. १९९२ ते २००७ या १५ वर्षांत पांढऱ्या पाठीचं गिधाड हजारात एक उरलं, आणि लांब चोचीचं शंभरात तीन-चार. आपल्या सुरतेतल्या पारशी बांधवांच्या दोखम्यांवरचं आकाशही रिकामं झालं. त्यांचा शेकडो वर्षांचा अंत्यविधीच या पक्ष्यावर उभा होता.

कशाने मेली? २००४ साली शास्त्रज्ञांनी कारण जगापुढे मांडलं. डायक्लोफिनॅक. आपण कंबर दुखली की घेतो तेच दुखण्याचं औषध. ते गाई-बैलांना टोचलं जायचं. जनावर दोन-तीन दिवसांत मेलं तर औषध त्याच्या मांसात राहतं, ते मांस खाल्लं की गिधाडाचे मूत्रपिंड निकामी होतात. शंभर ढोरांत एखादं असं असलं तरी पुरे, कारण एका ढोरावर अख्खा थवा जेवतो.

इथे थांबून विचार करा. हे इंजेक्शन दुष्टाव्याने दिलेलं नव्हतं. म्हातारी गाय लंगडते, तिच्या वेदना बघवत नाहीत, म्हणून मायेने दिलं. दया होती, पण जोडीला जाणणं नव्हतं. आपल्या संतांनी भक्तीला ज्ञानाची जोड का सांगितली, ते मला इथे सगळ्यात स्वच्छ दिसतं.

मग ढोरं सडू लागली. ते मांस भटक्या कुत्र्यांना मिळालं, कुत्री वाढली, पिसाळलेल्या कुत्र्यांचं भय वाढलं. घाण नदी-नाल्यात गेली. २०२४ साली एयाल फ्रँक आणि अनंत सुदर्शन या दोन अर्थशास्त्रज्ञांचा अभ्यास प्रसिद्ध झाला. जिथे पूर्वी गिधाडं भरपूर होती आणि जिथे मुळातच कमी होती, अशा जिल्ह्यांतले माणसांचे मृत्यू त्यांनी ताडून पाहिले. गिधाडं गेलेल्या जिल्ह्यांत माणसांचा मृत्युदर ४ टक्क्यांहून जास्त वाढला होता. २००० ते २००५ या काळात सुमारे ५ लाख माणसं जास्तीची दगावली, असा त्यांचा अंदाज. नुकसान वर्षाला सुमारे ६९ अब्ज डॉलर, म्हणजे पाच लाख कोटी रुपयांच्या वर. माणसाच्या जिवाची किंमत पैशात मांडणं मला स्वतःला रुचत नाही. पण सरकारला आणि कारखानदाराला तीच भाषा कळते, तर मांडू द्या.

हे आकडे खोटे वाटत असतील त्याने सुरतेचं १९९४ साल आठवावं. तेव्हा गिधाडांचा काही संबंध नव्हता, पुराचं पाणी, कचरा आणि उंदीर यांची गोष्ट होती. पण प्लेगच्या नुसत्या बातमीने लाखो माणसं शहर सोडून पळाली, भुसावळकडच्या गाड्यांत पाय ठेवायला जागा नव्हती, लूम बंद, हिऱ्याचे कारखाने बंद. सफाई थांबली की रोजी थांबते, हे उधन्याला कोणी शिकवायला नको.

सरकारने जनावरांसाठी डायक्लोफिनॅक २००६ मध्ये बंद केलं. तरी माणसांसाठीच्या मोठ्या बाटल्या जनावरांना टोचल्या जायच्या, म्हणून २०१५ मध्ये माणसांसाठीची बाटलीही ३ मिलीची केली. २०२३ मध्ये केटोप्रोफेन आणि एसीक्लोफिनॅक जनावरांसाठी बंद झाली. गिधाडाला न बाधणारं औषध आहे, त्याचं नाव मेलॉक्सिकॅम. हे नाव पाठ करा. गावी भावाला, काकांना फोन कराल तेव्हा पीकपाण्याबरोबर हेही विचारा, की गोठ्यात कोणतं इंजेक्शन देता? आणि गोशाळेला, पांजरापोळीला देणगी देता ना? छान करता. पावती घेताना तोच प्रश्न तिथेही विचारा. देणाऱ्याने विचारलं की उत्तर मिळतं!

त्र्यंबकेश्वर तालुक्यात हरसूलजवळ खोरीपाडा नावाचा पाडा आहे. तिथल्या आदिवासी बांधवांनी वनखात्याबरोबर गिधाडांच्या जेवणाची जागा राखली आहे. मेलेलं जनावर तिथे नेऊन ठेवतात, गिधाडं येतात. त्यांच्याकडे ना मोठा पैसा, ना मोठं मंदिर.

आता पतंग. तुम्ही खेळ बंद करा असं मी सांगणार नाही, सुरतेत राहून ते कोण ऐकेल? पण चायनीज मांजा घरात आणायचा नाही, त्यावर २०१७ पासून बंदी आहे. सकाळी नऊच्या आधी आणि संध्याकाळी पाचनंतर पतंग उडवायचा नाही, ती पाखरांची घरट्यातून निघायची आणि परतायची वेळ. अहमदाबादकडे मांज्यात गिधाडंही अडकली आहेत. जखमी पक्षी दिसला तर ओढाताण करू नका, हलक्या हाताने खोक्यात ठेवा, पाणी तोंडात ओतू नका, आणि १९६२ वर फोन लावा. गुजरात सरकारचं करुणा अभियान दरवर्षी १० ते २० जानेवारी चालतं. आणि दुसऱ्या दिवशी प्रत्येक घरातल्या मुलांनी आपल्या गच्चीवरचा, झाडावरचा, तारेजवळचा सोडून, तुटका मांजा गोळा करून गुंडाळी करावी. वजन किती भरलं ते आपल्या ग्रुपवर कळवा, मी वाचणार आहे.

लेकरांसाठी एक शेवटचं. गिधाडाची जोडी वर्षाला एकच अंडं घालते, तेही याच थंडीच्या दिवसांत. आई-बाप आळीपाळीने त्यावर बसतात. एक बसलेला असतो तेव्हा दुसरा अन्न शोधायला दूर दूर आभाळात फिरत असतो.

सर्वांना संक्रांतीचे आशीर्वाद. जय गुरुदेव.