गेलेल्यांच्या तोंडी शब्द

हल्ली देवळा-सटाण्याकडच्या लग्नांत पडद्यावर नवरीचे स्वर्गवासी वडील येतात. एआयने फोटोवरून चालते-बोलते केलेले वडील लेकीच्या डोक्यावर हात ठेवून आशीर्वाद देतात आणि अख्खा मांडव रडतो. त्या रडण्याबद्दल माझी तक्रार नाही. पण त्याला ‘आठवणींचा व्हिडिओ’ म्हणतात, ते मला पटत नाही. जन्मभर घरात अहिराणी बोललेला माणूस पडद्यावर बातम्यांतली मराठी बोलतो. ही त्याची आठवण नव्हे. त्याच्या जागी बसवलेला हा भलताच कुणी आहे.

मग कॅमेऱ्याने आठवण जपायची कशी, हे बघायला थोडं मागे जावं लागेल. कॅमेरा काळ साठवतो, हे आपल्याकडे ‘राजा हरिश्चंद्र’च्याही आधी, फाळक्यांनी रोज थोडंथोडं टिपलेल्या वाटाण्याच्या रोपातच दिसलं होतं. पुढे प्रमोद पती, मणी कौल, कुमार शहानी हे प्रयोगशील चित्रपटकार आले. १९६९ मध्ये चित्रकार अकबर पदमसींनी मुंबईत कलावंतांसाठी ‘व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप’ काढलं आणि जे. जे. कला महाविद्यालयात शिकलेल्या चित्रकर्ती नलिनी मलानींनी तिथे ‘ड्रीम हाउसेस’ ही फिल्म केली.

मलानी १९४६ साली कराचीत जन्मल्या. फाळणीत कुटुंब भारतात आलं. त्यामुळे १९९८-९९ च्या त्यांच्या ‘रिमेंबरिंग टोबा टेक सिंग’ या व्हिडिओ-मांडणीबद्दल दोन गोष्टी ठरून गेल्यात: चित्रकर्ती तंत्राकडे वळली आणि निर्वासित मुलीने घरची व्यथा मांडली. मला दोन्ही चुकीच्या वाटतात. फिल्म तर त्यांनी जवळपास तीस वर्षं आधीच हाताळली होती. आणि निमित्त होतं मे १९९८ मधल्या पोखरणच्या अणुचाचण्यांचं. सआदत हसन मंटोंच्या ‘टोबा टेक सिंग’ या फाळणीवरच्या कथेतला बिशनसिंग दोन देशांच्या मधल्या जमिनीवर कोसळतो. मलानींनी बघणाऱ्याला तशाच मधल्या जागेत आणून उभं केलं. समोरासमोरच्या भिंतींवर दोन स्त्रिया एका साडीची घडी घालायला धडपडतात, मधे आपण. खाली पत्र्याच्या ट्रंकांत बारा टीव्ही आणि त्यांवर विस्थापितांची दृश्यं.

खरा बदल इथे झाला. एका भिंतीकडे बघावं तर दुसरीकडे पाठ होते. सगळं एकदम बघायला मिळतच नाही. तोवर आठवण कलावंताची होती, आपण ती नुसती बघत होतो. इथे काय निसटलं याचा हिशेब बघणाऱ्याला स्वतः करावा लागतो. गेलेलं परत आणून दिल्याचा आव या कामात कुठेही नाही, आणि म्हणूनच मी त्याला आठवणीचं काम म्हणतो.

दुःखात माणसाला मांडवातल्या त्या पडद्याचा आधार लागतो, हे खरंच. पण नव्वदच्या दशकातल्या लग्नांच्या कॅसेटी कसमादेतल्या (कळवण, सटाणा, मालेगाव, देवळा) कितीतरी घरांत पडून आहेत आणि त्यांच्या फितीला बुरशी लागते आहे. त्यांत पंगतीला वाढणारी, कॅमेऱ्यासमोरून घाईने जाणारी, आचाऱ्यावर अहिराणीत खेकसणारी माणसं आहेत. आधी त्या कॅसेटी उतरवून घ्या. उतरवताना बँडचा गोंगाट काढू नका, चेहरे गुळगुळीत करू नका आणि ज्याची पाठच दिसते त्यालाही कापू नका.