बाळाचे नाव काय ठेवले?



24 जून रोजी आपण संत योहान बाप्तिस्ता यांचा जन्मोत्सव साजरा करतो. त्या दिवसाच्या शुभवर्तमानात बारशाचा वाद आहे. शेजारी आणि सोयरे बाळाला बापाचेच नाव द्यायला निघाले होते. अलीशिबेने 'योहान' म्हणताच, तुमच्या भावकीत हे नाव कुणाचे आहे, असे तिला विचारण्यात आले. शेवटी जखऱ्याने पाटीवर लिहून वाद मिटवला. योहान म्हणजे 'परमेश्वर कृपाळू आहे'.

आपल्याकडेही हा वाद होतो. जॉन, मेरी म्हटले तर गावाला परके वाटते. संतोष, मनीषा म्हटले तर चर्चमध्ये कुणीतरी भुवया उंचावते. म्हणून कित्येक घरांत मुलाला दोन नावे असतात, एक शाळेच्या दाखल्यावर आणि दुसरे स्नानसंस्काराच्या नोंदवहीत. आईवडील हे आम्हाला हळू आवाजात सांगतात. खरे तर त्यात लपवण्यासारखे काही नाही. दमास्कसच्या वाटेवर शौलाचा पौल झाला असे आपण समजून चालतो. पण प्रेषितांची कृत्ये 13:9 पाहिले तर त्याला दोन्ही नावे होती, एक हिब्रू आणि एक रोमी.

याच पौलाचे सोबती पाहा. फीबी हे ग्रीकांच्या चंद्रदेवतेचे एक नाव. अपुल्लोस हे नाव अपोलो देवावरून आले. एपफ्रदीत तर अफ्रोदितीवरून, आणि त्याला पौल आपला बंधू व सहकारी म्हणतो. नाव बदलून ये, असे पौलाने यांपैकी कुणाला सांगितल्याचे त्याच्या पत्रांत दिसत नाही.

पुढे चर्चने नियम केले. 1917 च्या धर्मसंहितेनुसार आईवडिलांनी ख्रिस्ती नाव दिले नाही, तर धर्मगुरूने एखाद्या संताचे नाव जोडून दोन्ही नोंदवायची असत. 1983 च्या संहितेचे 855 वे कलम एवढेच सांगते की, ख्रिस्ती भावनेला परके असलेले नाव देऊ नये. आमच्या मते हे योग्यच झाले. कारण कानाला 'ख्रिस्ती' वाटणारी नावे मुळात काय आहेत? आपल्या जिल्ह्यात 2020 साली भरलेल्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष दिवंगत फादर फ्रान्सिस दिब्रिटो होते. फ्रान्सिस म्हणजे नुसते 'फ्रेंच माणूस'. असिसीच्या संतांचे स्नानसंस्काराचे नाव जोव्हानी, म्हणजे योहानच. फ्रान्सिस हे वडिलांनी पाडलेले नाव. त्या नावाला पावित्र्य आले ते त्या माणसामुळे.

त्रावणकोरचे नीलकंठ पिल्लै यांचा 1745 साली स्नानसंस्कार झाला. त्यांना लाजर हे नाव मिळाले. लाजर म्हणजे 'देवाने साहाय्य केले', म्हणून तमिळमध्ये ते झाले देवसहायम. 1752 मध्ये ते रक्तसाक्षी झाले आणि 15 मे 2022 रोजी पोप फ्रान्सिस यांनी त्यांना संतपद दिले. आपल्या मायबोलीतला संत! मग मत्तय, नथनेल यांच्या अर्थाचा 'देवदत्त' आपल्या नोंदवहीत का नसावा? हन्नाची 'कृपा' का नसावी? आणि पेत्र म्हणजे तरी काय, खडकच. आपले धोंडिबा आणि दगडू त्याच अर्थाचे. (ही नावे बहुधा आधीची लेकरे दगावली की ठेवत, मृत्यूला हे बाळ नकोसे वाटावे म्हणून.)

मात्र एका प्रकारच्या नावाला आमची सक्त हरकत आहे. मुलगाच हवा म्हणून, दुसऱ्या-तिसऱ्या मुलीला 'नकुशी' म्हणतात. सातारा जिल्ह्यात 22 ऑक्टोबर 2011 रोजी अशा 285 मुलींना समारंभपूर्वक नवी नावे देण्यात आली. रोज हाक मारताना तू नको होतीस, असे त्या लेकीला ऐकवायचे, हे कुठल्याही धर्मात बसत नाही. राहेलने प्राण सोडताना बाळाला बेनओनी म्हटले, म्हणजे 'माझ्या दुःखाचा पुत्र'. बायकोचा शेवटचा शब्द मोडणे याकोबाला सोपे गेले नसेल. तरीही त्याने मुलाला बन्यामीन, 'उजव्या हाताचा पुत्र', म्हटले (उत्पत्ती 35:18).

परंड्यात किंवा आसपासच्या वाड्यावस्त्यांवर अशी कुणी नकुशी असेल, ख्रिस्ती असो वा नसो, तर तिच्या घरच्यांना जरूर सांगावे की राजपत्रात नाव बदलून मिळते. अर्ज भरायला मदत लागली, तर रविवारच्या मिस्सानंतर आम्हाला भेटावे.