एकाक्ष दैवत

आश्विन शुद्ध नवमीला आपण खंडेनवमी म्हणतों. ज्याच्या घरीं तरवार असे तो त्या दिवशीं तरवार पुजी. ज्याच्या घरीं ती नसे तो करवत, वस्तरा, कात्री, नांगराचा फाळ, जें कांहीं त्याचें पोट भरी तें पाटावर मांडी. आमच्या संत तुकाराम नगरांत तरवारी कोणाच्या घरीं असतील असें वाटत नाहीं. पण या वस्तीचें पोट यंत्रांनींच भरलेलें आहे. १९५४ सालीं पिंपरीस पेनिसिलिनचा सरकारी कारखाना स्थापन झाला, १९६२ सालीं औद्योगिक विकास महामंडळ निघालें, आणि त्यापुढें पवनेच्या आसपासचीं शेतें एकामागून एक कारखान्यांखालीं गेलीं. त्या कारखान्यांत राबणाऱ्या माणसांच्या ज्या वस्त्या येथें उठल्या त्यांपैकीं आमची एक. तेव्हां खंडेनवमीच्या आदल्या संध्याकाळीं येथें झेंडू महाग होतो यांत नवल नाहीं.

मीं तीस वर्षें प्रेस शॉपमध्यें काढलीं, त्यांतलीं शेवटचीं बारा सुपरवायझर म्हणून. तेथील पूजेचा थाट ज्यांनीं पाहिला नसेल त्यांच्यासाठीं थोडक्यांत सांगतों. आदल्या दिवशीं काम लवकर थांबे. मग यंत्रें रॉकेलनें पुसावयाचीं, जमिनीवर सांडलेलें तेल लाकडाच्या भुशानें ओढून घ्यावयाचें. नवमीस सकाळीं आंब्याच्या डहाळ्या व झेंडूच्या माळा चढत, प्रत्येक यंत्राला हळदकुंकूं लागे, नारळ फुटे, पेढे वाटले जात. वर्षभर ज्या यंत्राला शिव्या दिल्या त्याच्यापुढें माणसें चपला काढून उभीं राहत. हें दृश्य मला नेहमीं आवडत असे व अजूनहि आवडतें. ज्याच्यावर आपलें पोट आहे त्याला वर्षांतून एकदां नमस्कार करावा, यांत हंसण्यासारखें कांहीं आहे असें मला वाटत नाहीं.

परंतु एका वर्षीं भाद्रपदाच्या अखेरीस आमच्या एका प्रेसनें एकोणीस-वीस वर्षांच्या मुलाच्या उजव्या हाताचीं तीन बोटें घेतलीं. त्या प्रेसचा गार्ड काढून भिंतीला टेकवून ठेवलेला होता. कारण गार्ड असला कीं तासाचे नग कमी पडत. तो काढावयास मीं सांगितलें नव्हतें. पण काढलेला मला रोज दिसत होता, आणि वहींत नगांचा आकडा लिहितांना मीं मान वर करीत नसें. पुढें तीन आठवड्यांच्या आंत खंडेनवमी आली. तोच प्रेस पुसला गेला, त्यालाच माळ चढली, आणि नारळ फोडण्याचा मान त्या वर्षीं माझ्याकडे आला. डायवर नारळाचें पाणी शिंपडतांना माझा हात कांपला असें मी सांगूं शकत नाहीं, कांपला नाहीं. गार्ड अजून भिंतीलाच टेकलेला होता. कोणीं तरी उत्साहानें त्यालाहि एक माळ घातली होती.

त्या दिवशीं मीं पूजा केली ती कोणाची, आणि कशासाठीं, हा प्रश्न मला तेव्हां पडला नाहीं. तो बऱ्याच वर्षांनीं, निवृत्त झाल्यावर पडला, आणि तोहि अगदीं अनपेक्षित बाजूनें. आमच्या शेजारची एक मुलगी जपानी भाषा शिकून चाकणच्या एका कारखान्यांत दुभाषाचें काम करते. खंडेनवमीच्या पूजेला तिचे जपानी वरिष्ठ आपण होऊन हात जोडून उभे राहिले, याचें तिला आश्चर्य वाटलें होतें. "काका, त्यांना हें समजावून सांगावें लागलेंच नाहीं," ती म्हणाली. मग तिनें मला पुस्तकें आणून दिलीं, आणि माझ्या रिकाम्या दुपारीं त्या पुस्तकांत जाऊं लागल्या.

जपानी लोक ज्याला 'कामि' म्हणतात त्याला आपला 'देव' हा शब्द पुरता बसत नाहीं. अठराव्या शतकांतील मोतोओरि नोरिनागा या पंडितानें सांगितलें आहे कीं, जें जें सामान्याहून निराळें आणि मनांत दरारा उत्पन्न करणारें, तें तें कामि. मग तें चांगलें असो वा वाईट. डोंगर, झाड, कोल्हा, गडगडाट, मेलेला माणूस, सर्व त्यांत आले. आपल्या सुशिक्षित घरांत देव म्हणजे पंचायतन; परंतु बांधावरचा शेंदरी म्हसोबा, पिंपळावरचा मुंजा, डोहाच्या कांठच्या साती आसरा, यांना जो मान आपलीं खेडीं देतात तो थेट या कामींच्या जातीचा आहे. आपण तेहतीस कोटि म्हणतों, ते ऐशीं लक्ष म्हणतात. मोजलेले कोणींच नाहींत.

मला खिळवून ठेवलें तें मात्र त्यांच्या धातूच्या देवांनीं. ७१२ सालीं लिहिल्या गेलेल्या 'कोजिकी' या ग्रंथांत अशी कथा आहे कीं, आदिमाता इझानामि हिच्या पोटीं अनेक बेटें व देव जन्मल्यावर शेवटीं अग्निदेव जन्मला, आणि त्याला जन्म देतांना ती भाजली. त्या भाजलेल्या अवस्थेंत, मरणापूर्वीं, ती तळमळत असतां तिला जी ओकारी झाली तिच्यांतून खाणींचे व धातूंचे देव, कानायामाहिको आणि कानायामाहिमे, उत्पन्न झाले. कथा किळसवाणी आहे हें खरें. पण ज्यानें भट्टीसमोर काम केलें आहे त्याला ती कळते. लोखंड हें कोणाच्या तरी भाजण्यांतून येतें, ही गोष्ट त्या प्राचीन कथाकारानें लपविली नाहीं.

याहून नवल म्हणजे त्यांच्या लोहारांचा देव. ७२० सालच्या 'निहोन शोकी'त त्याचा उल्लेख आहे. नांव आमे-नो-माहितोत्सु, म्हणजे स्वर्गींचा एकाक्ष. त्याला एकच डोळा कां, याविषयीं अभ्यासकांचा एक तर्क असा आहे: जपानांत लोखंड काढण्याची जुनी भट्टी, जिला 'तातारा' म्हणतात, ती लोहमिश्रित वाळू आणि कोळसा घालून तीन दिवस तीन रात्रीं पेटती ठेवीत. मुख्य कारागीर छिद्रांतून ज्वालेचा रंग पाहून वाळू केव्हां टाकावयाची तें ठरवी. पाहावयाचें एका डोळ्यानें. आणि वर्षानुवर्षें पाहतां पाहतां तो डोळा जाई. तेव्हां लोहारांचा देव एकाक्ष असणें हें ओघानेंच आलें. ग्रीकांचा हेफिस्टस हा लोहारदेवहि लंगडा होता. तर्क तर्कच आहे, पण कामगारांनीं आपल्या देवाला आपल्यासारखें शरीर दिलें हा विचार माझ्या मनांतून जाईना.

त्याच मुलीनें मला सुयांच्या विधीचेंहि सांगितलें. ८ फेब्रुवारीस तोकियो व इतर गांवीं शिवणकाम करणाऱ्या बायका वर्षभरांत मोडलेल्या सुया देवळांत नेतात आणि मऊ तोफूंत, म्हणजे सोयाबीनच्या पनीरासारख्या पदार्थांत, टोचून ठेवतात. जन्मभर जाड कापडांतून गेलेल्या सुईला शेवटीं मऊ अंथरूण मिळावें म्हणून. आपण पूजा करतों ती धारेच्या, चालत्या हत्याराची. मोडलेलें हत्यार आपल्याकडे भंगारवाल्याचें.

इतकें वाचल्यावर मीं मोठ्या आवेशानें एक सिद्धांत उभा केला व शेजारच्या मुलीला ऐकविला. त्यांचा देव जखमी, आपला देव अखंड. आपला विश्वकर्मा पाहा: हातांत हत्यारें आहेत, पण अंगावर कोठें ओरखडा नाहीं, जन्मांत त्यानें छिन्नीवर हातोडा मारलेला दिसत नाहीं. खंडित मूर्ति आपल्याला पूजेस चालत नाहीं, ती पाण्यांत सोडावी असें शास्त्र. ज्यांच्या देवाला इजा चालत नाहीं त्यांना इजा झालेला माणूस सणाच्या दिवशीं कसा चालावा? मुलगी ऐकून घेत होती. मग ती म्हणाली, "काका, चिंचवडचा मोरया?"

मी गप्प बसलों. आमच्या घरापासून चार-पांच मैलांच्या आंत मोरया गोसाव्यांची समाधि आहे, आणि सबंध पंचक्रोशी ज्या दैवताला हांक मारून कामाला लागते त्याचें एक नांव एकदंत आहे. त्याचा मोडका दांत आपण रोज पाहतों, आणि रोज पाहत असल्यामुळेंच पाहत नाहीं. हाच गणपति बौद्ध धर्माबरोबर जपानांतहि गेला. तेथें त्याला शोतेन म्हणतात आणि तोकियोच्या आसाकुसा भागांतील एका देवळांत त्याला मुळे वाहतात. आणि विश्वकर्म्याचें म्हणाल तर पुरीच्या जगन्नाथाची अपुऱ्या हातांची मूर्ति ही, कथेप्रमाणें, त्याच्याच हातची. दार वेळेआधीं उघडलें म्हणून अर्धवट राहिलेली. म्हणजे जखमी देव आपल्याकडे नाहींत हें खोटें. सिद्धांत माझ्या सोयीचा होता इतकेंच. दोष संस्कृतीवर घातला कीं सुपरवायझर सुटतो.

आणि जखमी देव असल्यानें तरी काय होतें? एकाक्ष देवानें कोणा भट्टीवाल्याला डोळा परत दिल्याचें ऐकिवांत नाहीं. पूजेनें अन्याय कबूलहि करतां येतो आणि झांकतांहि येतो, आणि जपानच्या इतिहासांत दोहोंचे दाखले आहेत. सुगावारा नो मिचिझाने हा विद्वान मंत्री खोट्या आरोपावरून ९०१ सालीं दूर दाझाइफूस धाडला गेला व तेथेंच ९०३ त मेला. पुढें दरबारांत मृत्यु होऊं लागले तेव्हां लोकांनीं त्यांत त्याचा कोप पाहिला. पण दरबारानें नुसती शांति केली नाहीं: ९२३ सालीं हद्दपारीचा हुकूम रद्द करून त्याला त्याचें पद मरणोत्तर परत दिलें. ९३० त राजवाड्यावर वीज पडली, आणि ९४७ सालीं क्योतोस कितानो येथें त्याचें देऊळ उभें राहिलें. म्हणजे आधीं दप्तरांतली चूक सुधारली, मग नैवेद्य. (आज तो परीक्षेच्या दिवसांत विद्यार्थ्यांचा देव आहे, अन्यायाची आठवण किती विद्यार्थ्यांना असते कोण जाणे.) याच्या उलट १८६९ सालीं स्थापन झालेलें यासुकुनि. तेथें युद्धांत पडलेले सैनिक देव झाले. देव झालेल्या शिपायाच्या आईनें, माझ्या मुलाला तेथें कोणीं आणि कशासाठीं धाडलें, असें विचारावयाचें कोणाला? १९७८ सालीं तर ज्यांच्यावर युद्धाबद्दल मुख्य अपराधी म्हणून खटला भरला गेला होता अशा १४ जणांनाहि त्याच देवळांत स्थान मिळालें. धाडणारा आणि धाडलेला एकाच ओळींत बसले.

आमच्या नगराला ज्यांचें नांव आहे त्यांच्या चरित्रांत एक प्रसंग परंपरेनें सांगतात. सावकारी घरांत जन्मलेल्या तुकोबांनीं आपल्या वांट्याचीं खतपत्रें इंद्रायणींत बुडविलीं आणि लोकांचें देणें माफ केलें. देहू येथून फार दूर नाहीं, म्हणून हा प्रसंग येथें लहान मुलांनाहि ठाऊक असतो. मीहि तो शेंकडों वेळां ऐकला असेन. पण त्यांतला एक बारीक भाग मला उशीरा दिसला: बुडविणारे तुकोबा धनको होते. येणें त्यांचें होतें, म्हणून तें सोडण्याचा अधिकारहि त्यांचा. ऋणकोनें रात्रीं जाऊन तींच कागदपत्रें नदींत टाकलीं असतीं तर तिला आपण चोरी म्हटलें असतें. त्या खंडेनवमीस डायवर नारळाचें पाणी शिंपडतांना मीं कोणाचें खत बुडविलें?

ज्याचें बुडविलें तो सध्यां येथून जवळच पिठाची गिरणी चालवितो. मी दळण तेथेंच टाकतों. हें मी प्रायश्चित्त म्हणून करतों असें नव्हे, गिरणी जवळ आहे. गेल्या वर्षीं एकदां धीर करून त्याला विचारलें कीं, त्या प्रेसचा तुला राग येतो का. त्यानें पट्टा थांबविला, कारण आवाजांत ऐकूं येत नव्हतें. "यंत्राला काय कळतंय, साहेब? ते चालवाल तसं चालतं." मग थोडें हंसून म्हणाला, "तुम्ही त्या वर्षी गार्डाला पण हार घातला होता म्हणे." मीं सांगितलें कीं घालणारा मी नव्हतों. तो म्हणाला, "असेल," आणि पट्टा पुन्हां सुरू केला.

यंदा भोसरीस एका परिचिताच्या लहानशा कारखान्यांत मला खंडेनवमीस मानानें बोलावलें होतें. मीं आदल्या दिवशीं त्याला सुचविलें कीं, आरतीपूर्वीं वर्षभरांत ज्यांना ज्यांना इजा झाली त्यांचीं नांवें व इजेचें कारण यंत्रासमोर वाचावें. फार वेळ लागणार नाहीं. त्याला सूचना वाईट वाटली नाहीं, पण पटलीहि नाहीं. "काका, सणाच्या दिवशीं अभद्र कशाला?" तो म्हणाला, आणि तो कांहीं निर्दय माणूस नव्हे, इजा झालेल्यांना त्यानें पदरचे पैसे दिलेले मला ठाऊक आहेत. दुसऱ्या दिवशीं सगळे जमल्यावर त्यानें नारळ माझ्या हातीं दिला. मीं तो शेजारीं उभ्या असलेल्या सगळ्यांत लहान हेल्परच्या हातीं ठेवला, आणि गार्ड जागेवर आहे कीं नाहीं तें पाहावयास प्रेसच्या मागें गेलों.