भिंतीचा तडा आणि तज्ज्ञाची साक्ष

कळंब तालुक्याच्या काळ्या मातीत घर बांधणाऱ्याला एक गोष्ट वेगळी शिकवावी लागत नाही. ही माती पावसाळ्यात पाणी पिऊन फुगते आणि उन्हाळ्यात भेगाळते. तिच्यावर उथळ पाया घातला तर दोन-तीन वर्षांत भिंती बोलू लागतात. म्हणून जुने गवंडी मुरूम लागेपर्यंत पाया खोदत. परंतु तडा गेलेली प्रत्येक भिंत मातीमुळेच फाटलेली असते असे नाही. सिमेंट कमी पडलेले असू शकते, बांधकामावर पुरेसे दिवस पाणी मारलेले नसू शकते, शेजारच्या शोषखड्ड्याचे पाणी पायात मुरत असू शकते, किंवा मालकाने मागाहून कोणाला न विचारता वर एक खोली चढवलेली असू शकते. घरमालक म्हणतो, गुत्तेदाराने सिमेंट खाल्ले. गुत्तेदार म्हणतो, मातीच तशी आहे. गल्लीतल्या थोरामोठ्यांनी बसूनही मिटले नाही की प्रकरण वकिलाकडे जाते, आणि वकील पहिला प्रश्न विचारतो: एखाद्या इंजिनिअरचा अहवाल आहे का?

आमच्या परिचयातील एका अभियंत्याला अशाच एका वादात घरमालकाने बोलावले. फी ठरली, पाहणी झाली, अहवाल तयार झाला. त्यानंतर त्यांच्या मनात एक प्रश्न सलू लागला आणि एका जुम्याच्या नमाजनंतर तो घेऊन ते आमच्याकडे आले. त्या प्रश्नाकडे येण्यापूर्वी तज्ज्ञाची साक्ष म्हणजे नेमके काय, हे पाहणे आवश्यक आहे.

सामान्य साक्षीदाराने जे पाहिले, जे ऐकले तेवढेच सांगायचे असते. त्याचे मत न्यायालय विचारत नाही. तज्ज्ञाला मात्र मत देण्याची मुभा आहे. १८७२ च्या भारतीय पुरावा कायद्याच्या कलम ४५ ने ती दिली होती आणि १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ३९ मध्ये ती कायम आहे. न्यायाधीशाला काँक्रीट कळत नाही, म्हणून ज्याला कळते त्याला विचारले जाते. ज्याला माहीत नाही त्याने जाणकारांना विचारावे, ही तर कुरआनचीच शिकवण आहे. इस्लामी कायद्याच्या अभ्यासकांनी यावर बारकाईने चर्चा केली आहे. तज्ज्ञाचे सांगणे ही ‘शहादत’ मानावी की केवळ ‘खबर’? शहादत मानली तर दोन तज्ज्ञ लागतील, खबर मानली तर एक विश्वासू माणूस पुरेल. फुकहांमध्ये यावर मतभेद आहेत. तज्ज्ञ विश्वासू असला पाहिजे, याविषयी मात्र दुमत नाही.

तज्ज्ञाच्या साक्षीचे एक उत्तम उदाहरण आपण लहानपणापासून ऐकत आलो आहोत, पण त्याकडे या दृष्टीने क्वचितच पाहतो. सूरह यूसुफमधील सदऱ्याचा प्रसंग पाहा. एकीकडे हजरत यूसुफ (अ.) यांच्यावर आरोप, दुसरीकडे त्यांचा इन्कार, आणि घटना घडताना पाहणारा कोणीही नाही. अशा वेळी त्या स्त्रीच्याच घरातील एका व्यक्तीने कसोटी सांगितली: सदरा पुढून फाटला असेल तर ती खरी, मागून फाटला असेल तर ते खरे. मग सदरा पाहिला गेला आणि तो मागून फाटलेला निघाला. हा साक्षीदार पाळण्यातले मूल होते की कोणी सुज्ञ पुरुष, याबद्दल भाष्यकारांची मते भिन्न आहेत. पण त्याची पद्धत पाहा. निष्कर्षाच्या आधी त्याने कसोटी मांडली, आणि ती अशी मांडली की ऐकणाऱ्या प्रत्येकाला स्वतः पडताळता यावी. कोणती बाजू जिंकेल हे त्याने सदऱ्यावर सोडले. आणि तो आरोप करणाऱ्या पक्षाच्या घरचा होता! आजच्या भाषेत, तो त्या बाजूनेच आणलेला साक्षीदार ठरला असता.

न्यायालये नेमके हेच मागतात. स्कॉटलंडमधील एडिंबरो शहरात गटाराच्या कामासाठी सुरुंग लावले गेले आणि आपल्या घराचे नुकसान झाले म्हणून एका घरमालकाने नगर प्रशासनावर दावा लावला. सुरुंगांमुळे असे नुकसान होणे शक्यच नाही, असे तज्ज्ञाने सांगितले. ते मत न्यायालयावर बंधनकारक आहे, हा युक्तिवाद १९५३ मध्ये फेटाळला गेला. तज्ज्ञाचे काम निर्णय देण्याचे नाही. न्यायाधीशाला स्वतः पारख करता यावी अशी शास्त्रीय कसोटी त्याच्या हाती देण्याचे आहे, असे तेथे ठरले. आपल्या सर्वोच्च न्यायालयाने १९९९ मध्ये हिमाचल प्रदेशातील एका खटल्यात हेच तत्त्व लावले. तिथे वाद सफरचंदाच्या बागेत किती पीक निघू शकते, याचा होता. तज्ज्ञाने अंदाज दिला होता. पण त्या अंदाजामागचा अभ्यास आणि आधार न्यायालयाला पुरेसा वाटला नाही. नुसत्या पदवीला आणि पदाला किंमत मिळाली नाही.

बागेच्या अंदाजावरून प्रेषित मुहम्मद (स.) यांच्या काळातील खैबरची घटना आठवते. तिथल्या खजुरीच्या बागा ज्यू शेतकऱ्यांकडे निम्म्या उत्पन्नावर कसण्यासाठी होत्या आणि झाडावरच्या पिकाचा अंदाज करण्यासाठी हजरत अब्दुल्लाह बिन रवाहा (रजि.) यांना पाठवले जात असे. इमाम मालिक यांच्या ‘मुवत्ता’मध्ये हा वृत्तांत आहे. शेतकऱ्यांनी आपल्या स्त्रियांचे दागिने गोळा करून पुढे केले: आमच्यावरचा बोजा थोडा हलका करा. त्यांनी ते नाकारले. तुमच्याविषयी माझ्या मनात माया नाही, तरी त्यामुळे मी तुमच्यावर अन्याय करणार नाही. आणि तुम्ही देऊ करता ती लाच आहे, आम्ही ती खात नाही, अशा अर्थाचे उत्तर त्यांनी दिले. त्यावर ते शेतकरीच उद्गारले की आकाश आणि पृथ्वी याच्याच बळावर उभी आहेत. आणखी एक गोष्ट ते करीत असत. अंदाज सांगून झाल्यावर ते म्हणत, या अंदाजाने हवे तर तुम्ही पीक घ्या, नाही तर मी घेतो. म्हणजे अंदाज असा, की तो करणाऱ्याला कोणत्याही बाजूला उभे राहायला हरकत नसावी. अभियंत्याने अहवालावर सही करण्यापूर्वी स्वतःला हा प्रश्न विचारून पाहावा: समोरच्या पक्षाने बोलावले असते तर मी हाच कागद दिला असता का?

कोणी म्हणेल, आमचे अभियंते खोटे लिहीत नाहीत. बहुतेक वेळा हे खरेही असते. खोटी साक्ष हे महापाप आहे, तिचा उल्लेख करताना टेकून बसलेले प्रेषित (स.) सरळ उठून बसले आणि ते शब्द पुन्हा पुन्हा उच्चारत राहिले, हे आपल्या घराघरांत सांगितले जाते. त्या भयाने माणूस सरळ खोटे टाळतो. अडचण वेगळीच आहे. एकही खोटे वाक्य न लिहिता खोटा अहवाल लिहिता येतो.

काँक्रीटच्या ताकदीबद्दल शंका आली तर कोअर कापून काढतात, म्हणजे यंत्राने काँक्रीटचा गोल तुकडा काढून तो प्रयोगशाळेत दाबून फोडतात. भारतीय मानक ४५६ नुसार तीनपेक्षा कमी नमुने चालत नाहीत. त्यांची सरासरी ताकद अपेक्षित ताकदीच्या किमान ८५ टक्के भरली पाहिजे आणि एकही नमुना ७५ टक्क्यांच्या खाली जाता कामा नये. नियम स्वच्छ आहे. पण यंत्र कुठे लावायचे? घरात बारा कॉलम असतील तर त्यांतले चांगले तीन निवडता येतात, तसेच वाईट तीनही. प्रयोगशाळेचा आकडा खरा, यंत्र खरे, सही खरी, आणि न्यायाधीशासमोर उभे राहणारे चित्र मात्र खोटे. किंवा काँक्रीटबद्दल सर्व काही लिहायचे आणि भिंतीलगतच्या शोषखड्ड्याचा उल्लेखच करायचा नाही, कारण ‘तो प्रश्न आम्हाला विचारला नव्हता’. सूरह बकरामध्ये साक्ष लपवणाऱ्याचे हृदय गुन्हेगार ठरवले आहे. जिभेचा उल्लेख तिथे नाही, कारण लपवणाऱ्याची जीभ काही बोललेलीच नसते. आमच्या मते तज्ज्ञाच्या पापाची खरी जागा ही आहे: जे त्याला दिसले, महत्त्वाचे वाटले आणि तरीही कागदावर आले नाही. सामान्य माणसाला तो खड्डा दिसतो पण कळत नाही. तज्ज्ञाला कळतो, म्हणून त्याचे मौन अधिक जड आहे.

फी घेणे यात गैर नाही. साक्षीची किंमत नसते, श्रमाची असते. वाटणी करून देणाऱ्या ‘कासिम’च्या मजुरीविषयी ‘हिदाया’ या हनफी ग्रंथात सविस्तर विवेचन आहे. त्याला बैतुलमालमधून मेहनताना मिळावा हे उत्तम, म्हणजे कोणाचा मिंधेपणा राहणार नाही. ते शक्य नसेल तर पक्षकारांनी द्यावा. काजीने लोकांवर एकच कासिम लादू नये आणि कासिमांनाही आपसात भागीदारी करू देऊ नये, नाही तर ते दर वाढवतील, इतका व्यवहार त्या विद्वानांना कळत होता. आपल्या दिवाणी प्रक्रिया संहितेत आदेश २६ खाली न्यायालय स्वतःचा कमिशनर पाहणीसाठी पाठवू शकते, ती वाट या जुन्या विचाराच्या जवळ जाणारी आहे. इंग्लंडमधील दिवाणी नियमांनी तर स्पष्ट सांगितले आहे की तज्ज्ञाचे न्यायालयाप्रती कर्तव्य हे त्याला पैसे देणाऱ्याप्रती असलेल्या कर्तव्याच्या वर आहे.

कळंबसारख्या गावात मात्र पैशापेक्षा नाते जड असते. अभियंत्याला उद्या काम देणारा तोच गुत्तेदार असतो, घरमालक चुलत्याच्या सासुरवाडीचा असतो. सूरह निसाच्या १३५ व्या आयतीत न्यायाची साक्ष स्वतःविरुद्ध, आईवडिलांविरुद्ध आणि नातलगांविरुद्ध गेली तरी देण्याची आज्ञा आहे. श्रीमंताची भीड नको आणि गरिबाची दया खातर साक्ष वाकवणेही नको. हे शेवटचे आपण विसरतो. आयुष्याची पुंजी घरात घातलेल्या माणसाचे अश्रू पाहून अहवाल दोन अंश झुकवावासा वाटतो. आणि आपण, जे तज्ज्ञाला बोलावतो, ‘जरा कडक लिहा’ असे म्हणतो, त्यांचे काय? सूरह बकरामध्येच लिहिणाऱ्याला आणि साक्षीदाराला त्रास दिला जाऊ नये असे बजावले आहे. खरा अहवाल देणाऱ्याचे पुढचे काम तोडणारे आपणच असतो.

अशा कागदांवर माणसे चालतात. १४ मार्च २०१९ रोजी मुंबईत छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसजवळचा हिमालय पादचारी पूल कोसळला आणि माणसे मेली. त्याची संरचनात्मक तपासणी आधी झालेली होती आणि किरकोळ दुरुस्ती पुरे असे अहवालात होते. तपासणी करणाऱ्या अभियंत्याला अटक झाली. दोष कोणाचा, ते ठरवणे न्यायालयाचे काम. आम्हा धाराशिवकरांना तर ३० सप्टेंबर १९९३ ची पहाट विसरणे शक्य नाही. भूकंपानंतर कोणते गाव नव्या जागी जाणार, कोणते तिथेच उभारले जाणार, कोणत्या घराला केवळ दुरुस्ती मिळणार, हे पाहणीतल्या शेऱ्यांवर ठरले.

आता त्या अभियंत्याचा प्रश्न. त्यांना दोन गोष्टी आढळल्या होत्या. दोन कॉलमचे काँक्रीट खरोखर कमकुवत होते. तो दोष गुत्तेदाराचा. पण ज्या भिंतीवरून भांडण पेटले होते, ती मालकाने मागाहून खोदलेल्या शोषखड्ड्यामुळे खचत होती. त्यांनी दोन्ही लिहिले. दुसरा परिच्छेद काढा, असे सांगण्यात आले; त्यांनी नकार दिला. मग तो अहवाल दाखलच झाला नाही, दुसरा आला. मला कोणी बोलावलेले नाही, त्यांनी विचारले, तर मी गप्प बसावे का?

न विचारता साक्ष देणाऱ्याची एका हदीसमध्ये प्रशंसा आहे आणि दुसऱ्या हदीसमध्ये अशा लोकांची निंदा आहे. विद्वानांनी त्यांचा मेळ असा घातला आहे: हक्कदाराला आपल्या बाजूने साक्ष आहे हेच ठाऊक नसेल, तर ते त्याला कळवणारा प्रशंसेस पात्र, ठाऊक असूनही तो मागत नसेल तर स्वतःहून पुढे धावणे योग्य नव्हे. इथे गुत्तेदाराला काहीच ठाऊक नव्हते. दुसरीकडे, अहवाल मालकाने पैसे देऊन करवला होता आणि त्याची गोपनीयता हीही एक अमानत. आमचे मत असे पडले की मालकाने विश्वासाने सांगितलेल्या गोष्टी अमानत आहेत, पण उघड्या अंगणातला खड्डा नव्हे. म्हणून आधी मालकाला सांगावे, आणि नंतर गुत्तेदाराला एवढेच कळवावे की पाहणी मी केली आहे, हवे तर न्यायालयामार्फत मला बोलवा.

ते मालकाकडे गेले आणि तसे स्पष्ट सांगून आले. मालक काही बोलले नाहीत. उरलेली निम्मी फी अजून मिळालेली नाही. पुढच्या आठवड्यात मात्र शोषखड्डा बुजवला गेला आणि वरून फरशी बसली. गुत्तेदाराला निरोप त्याच दिवशी गेला. खड्ड्याची छायाचित्रे, फूटपट्टी लावून आणि तारखेसह काढलेली, अभियंत्याच्या कपाटात आहेत.